सारवलेला आखर

गावाची ढोरं राखणारा मनीराम गायकी तापानं गेला आणि दोन दिवस हिरडटोल्याच्या लोकांनी ढोरं घरीच तणशीवर, भाताच्या पेंढ्यावर, बांधून ठेवली. तिसऱ्या दिवशी कुणाच्या तरी गोठ्यातलं दावं सुटलं, मग शेजारच्याचं, आणि बघता बघता सगळी ढोरं सवयीनं आखरावर येऊन उभी राहिली. आखर म्हणजे गावाच्या कडेची मोकळी जागा. सकाळी घराघरातली गुरं तिथं जमायची, गायकी आला की त्याच्यामागं जंगलाकडे निघायची आणि सांजेला परतून तिथूनच आपापल्या घराची वाट धरायची. आज गायकी येणार नाही हे गुरांना कोण सांगणार? त्यांनी हंबरायला सुरुवात केली.

मनीरामची बायको मंगली झोपडीत भिंतीला टेकून बसली होती. हंबरणं काही थांबेना. तेव्हा ती उठली, पदर खोचला आणि कोपऱ्यातली नवऱ्याची काठी उचलली.

"अवं, कोठी चालली?" सासू फुलवंता अंथरुणातूनच ओरडली. "घरात सुतक आहे!"

"ढोराइले सुतक नाई, माय. त्याइले भूक आहे."

आखरावर गावातली चार माणसं आधीच जमली होती. गावाचा कारभार बघणारा उदाराम पाटील म्हणाला, "बाईमाणूस ढोरं राखते का कोठी? वाघराचं जंगल आहे."

तेवढ्यात जमुनाबाई आपली लाल गाय घेऊन आली. जमुनाबाई गावातली खटपटी बाई. नवरा होता, पण घरातला शब्द तिचा चालायचा. तिनं गाईच्या पाठीवर थाप मारून तिला मंगलीकडे ढकललं. "राखू द्या ना, पाटील. नाईतं तुमीच जा काठी घेऊन. आमी बसतो पाटीलकीवर."

लोक हसले, आणि हसण्यातच ते ठरून गेलं. पाटील म्हणाला, "बरं. गायगोधनापावेतो राखू दे. मंग पाहू."

ही गोष्ट एकोणीसशे चौतीस-पस्तीसच्या सुमाराची. नवेगावच्या मोठ्या तलावाकडून अर्जुनीकडे जाताना जंगल आणि धानाच्या बांध्या, म्हणजे भातखाचरं, यांच्या सांध्यावर हे गाव होतं. तेव्हा सगळा मुलूख भंडारा जिल्ह्यातच मोडायचा. गावाची रीत अशी होती की दिवाळीच्या पाडव्याला, म्हणजे गायगोधनाच्या दिवशी, ज्या घरानं गायकीला सूपभर नवं धान दिलं, त्या घरची ढोरं वर्षभर त्या गायकीकडे. ज्यानं सूप आणलं नाही, त्यानं आपली ढोरं काढून घेतली असं समजायचं. तोंडानं काही बोलायची गरज नसे. धानाशिवाय गायकीला आणखी एकच हक्क होता, आखरावर पडलेल्या शेणाचा. ते दुसऱ्या कुणी उचलायचं नाही. पाटलाच्या घरच्या बाईनंही नाही.

मंगलीला ना जमीन होती, ना मूल. दोन झाली होती, राहिली नाहीत. वर म्हातारी सासू. ढोरं हातून गेली तर दोघींनी जगायचं कसं, हा प्रश्न तिनं कधी मोठ्यानं विचारला नाही. पण पाटलाचं "मंग पाहू" तिच्या कानात बसलं होतं. चांगली राखणारी एवढ्यानं भागणार नाही, मनीरामपेक्षा चांगली राखणारी दिसायला हवं, असं तिनं मनाशी धरलं.

आणि मनीरामची एक गोष्ट तिला पहिल्यापासून खुपत आली होती. शेणाचा हक्क असून घरात शेण कधी धड आलं नाही. उन्हाळ्यात यायचं. पावसाळा लागला की चोर यायचे. गाईनं शेण टाकलं, त्याची वाफ अजून निघून राहिली आहे, तोवर भोंऽ करत पहिला काळा शेणकिडा त्यात थपकन येऊन पडायचा. मग दुसरा, मग त्यांची नुसती झुंबड. काही जण शेणाच्या खालीच बीळ पाडायचे आणि घासघास करून शेण आत ओढून न्यायचे; वर उकरलेल्या ओल्या मातीच्या ढिगल्या तेवढ्या राहायच्या. काही जण शेणाची बोराएवढी, लिंबाएवढी गोळी वळायचे. डोकं जमिनीला, मागचे पाय गोळीवर, असे उलटे होऊन ती ढकलत निघायचे. मध्येच गोळीवर चढून स्वतःभोवती एक गिरकी घ्यायची, दिशा पाहायची आणि पुन्हा सरळ चालू लागायचं. वाटेत दुसरा आडवा आला की कुस्ती. सकाळी मंगली टोपली घेऊन जाई तेव्हा शेणाच्या जागी भुशासारखा चोथा उरलेला असे. बोट लावलं की भुगा.

"घरची लक्ष्मी जमिनीत गाडून राहिले हे," ती नवऱ्याला म्हणायची.

"खाऊ दे न. त्याइले बी पोट आहे," एवढं बोलून मनीराम तंबाखू मळत बसायचा.

आता मनीराम नव्हता. आणि मंगलीच्या हातात एक कसब होतं, जे सगळ्या पंचक्रोशीला माहीत होतं. तिच्यासारखी भुई कुणी करत नसे. तिच्या अंगणात तांदूळ सांडले तर एक खडा न येता वेचून घ्यावेत. मळणीच्या आधी खळं तयार करायचं असलं की लोक तिलाच बोलावत. ती माती खणायची, पाणी मारायची, धुमसानं ठोकठोक ठोकायची आणि वर शेणाचा असा हात फिरवायची की खळं नव्या तव्यासारखं दिसे. मुंगीला शिरायला भेग नाही. तिच्या मनात आलं, आखराचंच खळं केलं तर? चोर शिरणार कुठून?

वैशाखात तिनं जमुनाबाईला हे सांगितलं. जमुनाबाईला ते इतकं पटलं की संध्याकाळपर्यंत अख्ख्या गावाचं ते काम झालं. उदाराम पाटलानं मुरमाच्या गाड्या पाठवल्या. बाया ओळीनं उभ्या राहिल्या आणि धुमसाच्या तालावर गाणी म्हणत आखर ठोकू लागल्या. खणताना जमिनीतून कवठाएवढे मातीचे गोळे निघायचे, वरून कडक, अगदी दगडासारखे. जमुनाबाईनं एक फोडला. आत शेणाचा गोळा, आणि त्याच्या पोटात पांढरी, जाड, वाकडी अळी.

"शेनकिड्याचं पिलू व्हय हे," जमुनाबाई म्हणाली. "अस्वल उकरून उकरून खाते याइले."

"तं अस्वलाले न्योता धाड," मंगली म्हणाली. हाती लागलेले गोळे तिनं बांधापलीकडे भिरकावले. जे खोल होते ते तसेच राहिले, आणि त्यांच्यावर मुरूम बसला.

आखर झाला तो बघण्यासारखा झाला. अर्जुनीच्या बाजाराला जाणारी माणसंही वाट वाकडी करून पाहून गेली. पाटील अनवाणी त्यावर दोन फेऱ्या मारून म्हणाला, "ढोरं बसवाच्या ऐवजी पंगत बसवावी, असा झाला." मनीरामचा चुलतभाऊ केवलराम ठेकेदाराकडे बांबू तोडायला जायचा. गायकीच्या कामावर त्याचा डोळा होता आणि तो त्यानं लपवलाही नव्हता. त्याला काही बोलायला जागा राहिली नाही. मंगली रोज सकाळी ढोरं निघाली की सासूला सांगून जायची आणि म्हातारी फुलवंता टोपलीत अख्खंच्या अख्खं शेण भरून आखराच्या कोपऱ्यात रचायची. महिन्याभरात तिथं ढीग उभा राहिला. येत्या हंगामात ते खत बांध्यांसाठी द्यायचं आणि बदल्यात धान घ्यायचं, असा दोघींचा बेत होता.

मग पाऊस लागला आणि बरा लागला.

पहिल्यांदा पाणी तुंबलं. खळ्यावर पाऊस पडत नाही, कारण खळं पिकाच्या वेळी असतं. हे मंगलीला तेव्हा सुचलं नव्हतं. ठोकलेल्या मुरमात पाणी मुरायला वाटच नव्हती. ते शेणात कालवलं गेलं, ढोरांच्या खुरांनी घोटलं गेलं आणि आखरावर हिरवा काला झाला. रोज सकाळ-संध्याकाळ ढोरं त्यात उभी. श्रावण लागेपर्यंत काहींच्या खुरांच्या फटी कुजून वास मारू लागला. गाई लंगडत जंगलात जायच्या आणि लंगडत परत यायच्या.

दुसरं म्हणजे माशा. माशा कुठं नसतात? पण या वर्षीच्या वेगळ्याच. आखरावर पाऊल टाकलं की काळं पांघरूण उचलावं तसा घोंगाट उठायचा. ढोरांच्या डोळ्यांच्या कडांना माशांच्या रांगा बसत. गाई मान हलवून हलवून दमत, आणि वासरांना तर तेवढंही जमत नसे. डोळ्यांतून पाणी गळू लागलं, मग चिपडं, मग लाली. गाव रॉकेलचा बोळा, कडुलिंबाचा पाला, धुरी असं सगळं करून पाहत होतं. जमुनाबाईच्या लाल गाईला त्या साली कालवड झाली होती, कपाळावर पांढरा टिळा असलेली. तिच्या डाव्या डोळ्यात फूल पडलं. दुधासारखं पांढरं. आठवड्यात तो डोळा गेला.

दुसऱ्या सकाळी जमुनाबाई कालवडीला ओढतच आखरावर घेऊन आली. सगळे होते, पाटीलही होता.

"पाह्य!" तिनं कालवडीचं तोंड मंगलीकडे फिरवलं. "पाह्य तुह्या आखराची करामत!"

मंगलीनं पाहिलं.

केवलराम शांतपणे म्हणाला, "मनीरामदादाच्या हाती असं कधी नाई झालं. बाईच्या हातची ढोरं, दुसरं काय होईल?"

"तू चूप राह्य गा," पाटील त्याला म्हणाला. पण मंगलीकडे वळला तेव्हा त्याचाही आवाज बदलला होता. "मंगली, गोधन आता दूर नाई. लोक बोलून राहिले. ढोरं सुधरली नाईत, तं मी कोनाले सूप आनाले सांगू शकत नाई."

त्या दिवशी मंगली ढोरांमागं नेहमीसारखीच गेली. दुपारी ढोरं नेहमीच्या जागी, जंगलातल्या मोहाच्या झाडांखाली बसली. मनीराम इथंच बसवायचा आणि त्याच्या आधी त्याचा बापही. मंगली आंबील प्याली आणि लंगड्या गाईंकडे बघत बसली. बघता बघता तिच्या लक्षात आलं की गाई माना हलवत नाहीत. माशा होत्या, नव्हत्या असं नाही. पण आखरावरून अंगाखांद्यावर आलेल्या माशा वाटेत पांगल्या होत्या, आणि इथं नव्या वाढल्या नव्हत्या. असं काऊन? इथंही तीच ढोरं, तेच शेण. उलट इथं ती जास्त वेळ बसतात.

ती उठली आणि कालचं शेण शोधू लागली. ते सापडायलाच वेळ लागला. होतं ते पापडासारखं चपटं आणि पोकळ. काठीनं उलटलं तर खाली माती लोण्यासारखी सुटी झालेली, तिच्यात भोकंच भोकं. शेणात एकही अळी नाही. रात्री पाऊस पडला होता तरी पायाखाली चिखल नव्हता. पाणी त्या भोकांतून केव्हाच खाली उतरलं होतं. जिथं जुनं शेण मुरलं होतं, तिथं गवताचे हिरवेगार ठिपके उठले होते. तेवढ्यात समोरच्या गोऱ्ह्यानं शेपटी उचलली. शेण पडलं आणि मंगली तिथंच उकिडवी बसली. भोंऽ. पहिला आला. या खेपेला तिनं त्याला काठीनं उडवलं नाही. माशीही आली, शेणावर बसली. पण बसते न बसते तोवर खालून शेण हलू लागलं, वरून फाटू लागलं. अंडी घालायला माशीला जागाच मिळेना. घातलीच, तर ती शेणाबरोबर जमिनीत जाणार.

सांजेला ढोरं पांगल्यावर तिनं आखराच्या कोपऱ्यातल्या ढिगात काठी खुपसून वरचा थर उलटवला. आत पांढऱ्या अळ्यांची नुसती वळवळ. भात शिजताना उकळी यावी तशी. ज्या ढिगाकडं बघून सासू-सुना रोज हिशेब करत होत्या, तोच ढीग सगळ्या गावाला माशा पुरवत होता.

ती तडक पाटलाच्या दारात गेली. "पाटील, आखर फोडाचा आहे."

"काय फोडाचा?"

"आखर. धुमसला तो. खनून टाकतो सारा."

पाटलानं पान थुंकलं. "तुह्या डोक्याले ऊन लागलं का वो? माह्या मुरमाच्या गाड्या गेल्या त्यात!"

"मुरूम घरी आनून टाकीन, टोपलीनं. पन शेनकिड्याइले वाट पाहिजे. ते आले तं माशा नाई, पानी नाई."

"शेनकिडे!" पाटील आत तोंड करून बायकोला म्हणाला, "ऐकलं का वो? मंगली आता किडे राखनार आहे." मग तिच्याकडे बघून हसत म्हणाला, "फोड बापा. फोडाले आता राहिलं काय त्यात? पन गाव येनार नाई तुह्या मदतीले. गावानं एकदा धुमसला, बस झालं."

गाव आलं नाहीच. पहाटे ढोरं जमायच्या आधी आणि संध्याकाळी ती गेल्यावर मंगली एकटी कुदळ घेऊन उभी राहायची. स्वतःच्या हातचं काम तोडणं सोपं नसतं, त्यातून ते चांगलं केलेलं असलं तर फारच अवघड. मुरूम कुदळीला दाद देत नव्हता. बांध्यांत रोवणं आटोपून घरी जाणाऱ्या बाया धुऱ्यावर थांबून बघायच्या. "मंगले, गाणं म्हणू का वो? धुमसाचं उलटं गाणं?" एकजण म्हणाली. मंगली म्हणाली, "म्हन. पन कुदळ घेऊन म्हन." बाई निघून गेली.

तिसऱ्या-चौथ्या दिवशी मुरमाचा एक मोठा खपला उलटला आणि तिचा हात थांबला. खपल्याच्या पोटाला, जमिनीच्या बाजूनं, शेणकिडे चिकटलेले होते. मेलेले. अंगठ्याएवढे, काळे, डोक्यावर शिंग असलेले. खाली गाडले गेलेले ते गोळे पावसानं नरम झाले होते, आतून किडे फुटून वर निघाले होते आणि मुरमाच्या तळाशी येऊन डोकं आपटत राहिले होते. जागोजाग मुरमावर त्यांच्या शिंगांचे ओरखडे होते. मंगलीनं एकाला हातात घेतलं. आतून पोकळ झालेला, धानाच्या फोलासारखा हलका. मग त्याला खाली ठेवून पुन्हा खणू लागली, कारण अंधार पडायच्या आत कड गाठायची होती.

आखर फुटला, पण किडे एका दिवसात थोडेच येणार. मंगलीनं वाट बघितली नाही. दुपारी मोहाखाली शेणावर झुंबड लागली की ती ते शेण खालच्या मातीसकट, किड्यांसकट टोपलीत उचलायची, वर पळसाची पानं झाकायची आणि ढोरांमागून डोक्यावर घेऊन यायची. टोपलीतून सारखा खरखर आवाज यायचा. फुलवंतानं पहिल्या दिवशी झाकण उचलून पाहिलं आणि कपाळावर हात मारला.

"घरात खायले कोंडा नाई, अन् ही किड्याइची वरात घेऊन येऊन राहिली! मनीराम असता तं तुह्या पाया पडला असता."

"तोच म्हने ना, त्याइले बी पोट आहे."

"तो आळशी होता म्हून म्हने," म्हातारी म्हणाली. पण दुसऱ्या दिवशी टोपली उतरवायला तीच पुढं आली.

कोपऱ्यातला ढीगही हलवायचा होता. मंगलीनं तो बदल्यात काही न घेता ज्यानं मागितला त्याला देऊन टाकला. लोकांनी गाड्या लावून नेला आणि खड्ड्यात टाकून वरून माती लोटली. शेवटची गाडीभर तिनं जमुनाबाईसाठी राखून ठेवली होती. ती सांगायला गेली तेव्हा जमुनाबाई कालवडीच्या डोळ्याला तेल लावत बसली होती. तिनं वर पाहिलं नाही.

"ज्या शेनानं माह्या कालवडीचा डोळा नेला, ते शेन माह्या बांधीत टाकू?"

"माही चूक झाली, जमुना."

"चूक झाली तं झाली. डोळा येते का परत?"

मंगली परत आली. त्यानंतर जमुनाबाईनं ढोरं आखरावर सोडणं बंद केलं नाही. पण तिची गाय आणि कालवड पोचवायला दीर येऊ लागला.

भादवा सरता सरता फरक दिसायला लागला. आखरावर ओल्या मातीच्या ढिगल्या उठू लागल्या. सकाळी पडलेलं शेण सांजेपर्यंत विस्कटलेलं असायचं. पाऊस पडून गेला की पाणी घटकाभर उभं राहून जिरायचं. माशांचं पांघरूण पातळ झालं. एकदम गेलं नाही, पण गाई आखरावर उभ्या राहून रवंथ करू लागल्या. खुरांना मंगली मोहाच्या तेलात हळद कालवून लावायची. लंगडणारी एक एक करून सरळ चालू लागली. दोन गाईंचं शेवटपर्यंत बरं झालं नाही. बाकी कुणाचा डोळा गेला नाही. मंगलीला शेण मात्र पूर्वीच्या मानानं काहीच मिळेना. फुलवंता रिकामी टोपली घेऊन परत येई आणि दाराशी ती मुद्दाम आपटून ठेवी.

गायगोधनाचा दिवस उजाडला. आखराच्या मध्ये गोधन रचायचं. आखरावरच्याच शेणाचा ढिगारा, त्यावर झेंडूची फुलं, धानाच्या लोंब्या. मग सगळी ढोरं त्यावरून चालवायची आणि त्यांच्या खुरांखालून निघालेल्या शेणाचा टिळा घरोघर लावायचा. शेण दुसरीकडून आणलेलं चालत नाही. दरवर्षी गुडघाभर गोधन व्हायचं. बाया टोपल्या घेऊन आल्या, सगळा आखर फिरल्या, आणि जेमतेम ओंजळी-ओंजळीनं गोळा करून ढिगारा केला तो पाटलाच्या घोट्यालाही पुरेना.

"गोधन व्हय का गोवरी?" कुणीतरी म्हणालं, आणि हशा झाला.

पाटलाची म्हातारी आई मात्र हसली नाही. "असा अपशकुन मी नाई पाह्यला."

मंगली धुतलेलं लुगडं नेसून काठी घेऊन बाजूला उभी होती. किड्यांनी ढोरं वाचवली होती, आणि आता तेच किडे गोधन खाऊन बसले होते. केवलराम पलीकडे हाताची घडी घालून उभा होता; त्याच्या हातात नवी, तेल पाजलेली काठी होती.

"ढोरं येऊ द्या, आजी," मंगली पाटलाच्या आईला म्हणाली. "ताजं पडन तेच टाकू वरून."

ढोरं आली. शिंगं रंगवलेली, गळ्यात फुलं. ढोलकी वाजली तशी ती बिचकली आणि बिचकल्यावर जे करतात ते त्यांनी केलं. बाया हसत हसत टोपल्या घेऊन धावल्या. गोधन गुडघाभर झालं नाही, पण गोधन म्हणण्याजोगं झालं. ढोरं त्यावरून गेली. लोक तेव्हा गोधनाकडे बघतच नव्हते. ते खुरांकडे बघत होते. कोण लंगडतं, कोण नाही. प्रत्येकजण आपापली गाय डोळ्यांनी पोचवत होता.

मग सुपं आली. पहिलं पाटलाच्या घरून. पाटील म्हणाला, "आखर आता असाच राहू देजो. धुमस दिसला तुह्या हाती, तं मीच काठी घेईन." वरच्या आळीतल्या काही घरांनी सूप केवलरामच्या पुढ्यात ठेवलं. मंगलीनं ते पाहिलं. बाकीची तिच्याकडे येत राहिली आणि फुलवंता पोत्याचं तोंड धरून बसली.

शेवटी जमुनाबाई आली. बरोबर लाल गाय आणि दाव्याला कालवड. हातात सूप नव्हतं.

"सूप कोठी आहे वो, जमुना?" पाटलानं विचारलं.

"घरी आहे." जमुनाबाई मंगलीसमोर येऊन उभी राहिली. कित्येक महिन्यांत ती पहिल्यांदाच सरळ तिच्या तोंडाकडे बघत होती. "यंदा धान देत नाई मी. कालवडीचा डोळा तुह्या आखरात गेला. तो डोळा अन् यंदाचं धान, फिटलं."

"फिटलं," मंगली म्हणाली.

"पन ढोरं तुह्याचकडं राहतीन."

"असं कसं?" केवलराम पुढं झाला. "धान नाई तं ढोर नाई. गावाची रीत आहे."

"तू मले रीत नको शिकवू, केवल्या. तुह्या हाती ढोरं देऊन सांजेले बांबूच्या बनात शोधाले मी जाऊ का? झोपते तू झाडाखाली, साऱ्या गावाले ठाऊक आहे."

लोक हसले. पाटील मंगलीकडे वळला. "धान तुह्या हक्काचं आहे. तुले चालते का असं?"

पोत्याजवळून फुलवंता काहीतरी पुटपुटली. मंगलीनं तिकडं लक्ष दिलं नाही. "चालते. पुढच्या साली देईल जमुना."

"देईन का नाई, ते पुढच्या साली पाहीन," जमुनाबाई म्हणाली. तरी दावं तिच्या हातातून सुटेना. "डाव्या बाजूनं काई आलं तं बिचकते ती. उजवीकडं फिरून फिरून चालते. खड्ड्यात पडन."

"ठाऊक आहे."

"ठाऊक आहे तं बरं."

तिनं दावं दिलं. बाकीची ढोरं केव्हाच गोधन ओलांडून जंगलाच्या वाटेला लागली होती. लाल गायही गेली. कालवड मात्र शेणाच्या कडेशी येऊन थबकली आणि उजवीकडे वळू लागली. मंगली तिच्या डाव्या अंगाला गेली, हळूच बोलत तिच्या मानेवर हात ठेवला, आणि हात तसाच ठेवून तिला शेणातून पलीकडे घेऊन गेली.